सुकामेव्याचे लिक्युअर घरी मुरवताना: कृती, हिशेब आणि सीमेचे भान



दिवाळी जवळ आली की मंडळातल्या गप्पांत फराळाच्या जोडीने आणखी एक विषय हळूच निघतो. परदेशातून आलेल्या मुलाने किंवा जावयाने बदामाच्या नाहीतर हेझलनटच्या चवीचे गोड मद्य आणलेले असते. ते छोट्या पेल्यातून चाखले जाते आणि मग कोणीतरी विचारते, "हे घरी करता येईल का हो? आपल्याकडे तर काजू-बदाम घरातच असतात." या प्रश्नाचे उत्तर 'हो' आहे. मात्र या 'हो'ला काही अटी आहेत, आणि आपण सिल्वासात राहत असल्यामुळे त्या इतरांपेक्षा दोन-तीन जास्त आहेत. म्हणून कृती, तिच्यामागची कारणे आणि अटी असे सगळे एका ठिकाणी लिहून काढावे असे आम्हाला वाटले. घेणाऱ्यांनी आग्रहाला बळी पडून घेऊ नये आणि न घेणाऱ्यांनी लेख अर्धवट सोडू नये. त्यांच्यासाठीही शेवटी एक कृती दिली आहे.

आधी नावाचा घोळ मिटवू

किलवणी नाक्याच्या आसपास दुकानांच्या पाट्यांवर 'लिकर' असे लिहिलेले दिसते. त्याचा अर्थ नुसती दारू. आपण ज्याबद्दल बोलतो आहोत ते लिक्युअर. तयार मद्यात फळ, बी, साल, मुळी किंवा मसाला मुरवायचा आणि नंतर साखरेचा पाक घालायचा, की लिक्युअर होते. युरोपातल्या नियमांप्रमाणे त्यात किमान १५ टक्के अल्कोहोल असावे लागते आणि सर्वसाधारणपणे लिटरला किमान १०० ग्रॅम साखर असावी लागते.

सुकामेव्याच्या चवीची लिक्युअरे इटलीत फार. मोदेना परगण्यात जूनच्या शेवटी, संत जॉनच्या सणाच्या सुमारास, हिरवे कोवळे अक्रोड तोडून मद्यात घालतात. त्याला 'नोचिनो' म्हणतात. सारोन्नो गावाचे 'अमारेत्तो' बदामाच्या वासाचे असते. पिएमोंत भागातले लिक्युअर हेझलनटचे. पोर्तुगालच्या दक्षिणेला आल्गार्व्ह प्रांतात कडू बदामाचे लिक्युअर करतात.

आता आपल्याकडे या. 'काजूची दारू' म्हटले की सगळ्यांना गोव्याची फेणी आठवते, पण फेणीत काजूगर नसतो. फेणी होते ती बोंडूची. झाडावर पिकून खाली पडलेले बोंडू चेचायचे, रस आंबवायचा आणि भट्टी लावायची. पहिल्या धारेचा तो हुर्राक, आणि पुन्हा भट्टी लावली की फेणी. काजू फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. काजूचे झाडसुद्धा मूळचे ब्राझीलचे. पोर्तुगीजांनी ते सोळाव्या शतकात आपल्या किनाऱ्यावर आणले आणि 'काजू' हे नावही त्यांच्याबरोबरच आले. म्हणजे बोंडूची दारू झाली, गराची मिठाई झाली आणि टरफलाचे तेल झाले. गर दारूत मुरवण्याची रीत मात्र आपल्याकडे रुजली नाही.

मुरवण्याची रीत परकी नाही. गोव्यात फेणीत अनंतमुळाच्या मुळ्या घालून ठेवतात, ती 'दुकशिरी' फेणी म्हणून ओळखली जाते. वैद्यांची आसवे-अरिष्टे मुरतात, आपली लोणची आणि मोरावळा मुरतो. सुकामेव्याचे लिक्युअर हाही मुरवण्याचाच प्रकार आहे. यात आपण दारू तयार करत नाही, तयार दारूला चव लावतो. पुढचे सगळे या एका वाक्यावर उभे आहे.

आपण राहतो त्या जागेचा कायदा

सिल्वासात सीलबंद बाटली परवानाधारक दुकानातून उघडपणे विकत घेता येते. पंधरा-वीस किलोमीटरवर वापीला गेलो की तीच बाटली गुन्हा ठरते. असे का, याची गोष्ट जुनी आहे आणि ती आपल्या मराठ्यांपासून सुरू होते.

१७७२ मध्ये मराठी आरमाराने पोर्तुगीजांच्या 'सांताना' या लढाऊ जहाजाचे नुकसान केले. पुढे १७७९ मध्ये पेशवे आणि पोर्तुगीज यांच्यात तह झाला आणि भरपाई म्हणून १७८३ मध्ये नगर हवेलीचा मुलूख पोर्तुगीजांकडे गेला. दादरा त्यांनी १७८५ मध्ये विकत घेतले. म्हणून १९४९ मध्ये मुंबई राज्याने दारूबंदी कायदा केला तेव्हा हा मुलूख त्या कायद्याच्या बाहेर होता. २ ऑगस्ट १९५४ रोजी सिल्वासा मुक्त झाले आणि ११ ऑगस्ट १९६१ रोजी हा प्रदेश भारतात विलीन झाला. दरम्यान १ मे १९६० रोजी मुंबई राज्याची दोन राज्ये झाली. एकच कायदा दोघांच्या वाट्याला आला. गुजरातने पूर्ण बंदी ठेवली आणि महाराष्ट्राने परवान्याची पद्धत स्वीकारली. आपण दोघांच्या मध्ये, तिसऱ्याच नियमाखाली.

याचा व्यवहारातला अर्थ असा:

१. घरी मुरवलेली बाटली वापी, वलसाड किंवा सुरतच्या नातेवाइकांना भेट म्हणून नेऊ नये. गुजरातच्या कायद्यात २०१७ च्या दुरुस्तीनंतर दारूची निर्मिती, विक्री आणि वाहतूक यांना दहा वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. 'घरचे आहे, विकायचे नाही' हे तिथे उत्तर होत नाही.

२. दादरा आपलेच असले तरी ते नगर हवेलीला चिकटून नाही, मध्ये गुजरातचा पट्टा आहे. सिल्वासाहून दादऱ्याला बाटली घेऊन निघालेला माणूस वाटेत गुजरातेत असतो. तसेच मेघवाळ हे गुजरातचे गाव नगर हवेलीच्या पोटात आहे. रस्त्यावर रेघ दिसत नाही, कायद्याला ती दिसते.

३. तलासरी, जव्हार, डहाणूकडे जाणाऱ्यांनीही बाटली सोबत घेऊ नये. बाहेरच्या प्रदेशातली दारू परवानगीवाचून महाराष्ट्रात आणता येत नाही.

४. भट्टी लावणे, म्हणजे ऊर्ध्वपातन, परवान्याशिवाय करता येत नाही. विक्रीचेही तसेच. घरात किती साठा ठेवता येतो याची मर्यादा अबकारी खात्यात विचारून घ्यावी. प्रश्न विचारायला पैसे लागत नाहीत.

आपल्या शेजारच्या वारली, कोकणा, धोडिया पाड्यांवर मोहाच्या फुलांची दारू असते. फाल्गुन-चैत्रात पहाटे फुले वेचली जातात. त्यांच्या लग्नकार्यात आणि देवकार्यात तिला स्थान आहे. ती त्यांची रीत आहे आणि त्यामागे पिढ्यांचा हात आहे. ती पाहून आपण बंगल्याच्या गच्चीवर कुकरला नळी जोडावी असा त्याचा अर्थ होत नाही.

बाटली सीलबंदच का?

हा भाग आम्ही जरा सविस्तर लिहितो, कारण यात जिवाचा प्रश्न आहे.

पिण्याचे अल्कोहोल म्हणजे इथेनॉल. त्याचा सख्खा भाऊ म्हणजे मिथेनॉल. रंग नाही, वास जवळजवळ तोच, किंमत कमी आणि कारखान्यांत वापर भरपूर. शरीरात गेल्यावर मिथेनॉलचे फॉर्मिक आम्ल होते आणि ते आधी डोळ्यांच्या नसेवर घाला घालते. मुंबईत मालवणीला जून २०१५ मध्ये शंभरावर माणसे गेली. गुजरातेत बोटाद भागात जुलै २०२२ मध्ये चाळीसहून अधिक गेली. दोन्ही ठिकाणी कारण मिथेनॉलच होते.

आपले गाव कारखान्यांचे आहे. ओळखीतून 'चांगले स्पिरिट' कॅनमधून मिळते असे सांगणारा कोणी ना कोणी भेटतो. लिक्युअरसाठी जास्त तीव्रतेचे मद्य बरे असते हेही खरे, त्यामुळे मोह होतो. तो टाळावा. औद्योगिक स्पिरिट, दवाखान्यातले स्पिरिट, सॅनिटायझर, सुटी दारू यांपैकी काहीही चालणार नाही. काडी लावून ज्योत निळी दिसली म्हणजे माल शुद्ध, हा समज खोटा आहे. घरातल्या कोणत्याही परीक्षेने मिथेनॉल ओळखता येत नाही.

आम्ही उभी हयात बँकेत काढली. तिथे नोट ओळखीच्या माणसाने आणली म्हणून न तपासता घेत नसत. इथे तपासायचे साधनच घरात नाही, म्हणून दुकानातले सील आणि बिल हीच आपली तपासणी. आणि कधी कोणाला अशी कसली दारू प्यायल्यानंतर काही तासांनी किंवा दुसऱ्या दिवशी डोळ्यांपुढे धुके, पोटदुखी, धाप असे झाले, तर 'उतरेल' म्हणून वाट पाहू नये. तडक रुग्णालयात न्यावे आणि काय प्यायले ते लपवू नये. वेळेत उपचार मिळाले तर जीव आणि दृष्टी दोन्ही वाचू शकतात.

कोणता मेवा घ्यावा, कोणता नको

*काजूगर:* भाजलेला, सालपट काढलेला. अख्खा महाग काजू लागत नाही, तुकडा किंवा पाकळी उत्तम. कोकणातल्या घरून आलेल्या काजूबिया असतील तर त्या घरी फोडून, कच्च्या गरासह वापरू नयेत. टरफलातले तेल बिब्ब्यासारखे अंगावर उठते. बिब्बा आणि काजू एकाच कुळातले आहेत. टरफलाचा कण जरी बरणीत गेला तरी ते तेल मद्यात उतरेल. उसळीचे ओले काजूगरही नकोत, त्यांना भाजल्याची चव नसते.

*बदाम:* नेहमीचा गोड बदाम. त्याची साल किंचित तुरट असते. तुरटपणा नको असेल तर कोमट पाण्यात भिजवून साल काढावी आणि बदाम पूर्ण वाळवून मगच भाजावेत.

*अक्रोड:* चव दमदार, पण तेल सर्वांत जास्त. जवळजवळ दोन तृतीयांश वजन तेलाचेच. त्यामुळे लवकर खवट होतो. ताजा असेल तरच घ्यावा.

*कडू बदाम आणि जर्दाळूच्या कडू बिया:* अजिबात नकोत. इथे अनेकांची फसगत होते. अमारेत्तोचा जो वास आपल्याला 'बदामाचा' वाटतो तो गोड बदामाचा नसतोच. कडू बदामात आणि जर्दाळूच्या बियांत अमिग्डॅलिन नावाचे द्रव्य असते. ते ओलाव्यात फुटले की दोन गोष्टी निघतात. एक बेन्झाल्डिहाइड, म्हणजे तो प्रसिद्ध वास, आणि दुसरे हायड्रोजन सायनाइड, म्हणजे विष. कारखान्यात सायनाइड काढून टाकण्याची आणि तपासण्याची सोय असते, आपल्या ओट्यावर ती नाही. लहानपणी जर्दाळू खाऊन आतली बी फोडून खाल्ल्याचे सर्वांना आठवत असेल. ती गोड बी होती. कडू लागली की आपण थुंकत होतो, आणि ते बरोबरच होते. तो वास हवाच असेल तर केकसाठी मिळणाऱ्या खाद्य बदाम इसेन्सचे दोन थेंब पुरतात.

*शेंगदाणे:* चव चांगली येते, पण किडलेला, बुरशीचा एकही दाणा नको. निवडून घेण्याचा कंटाळा असेल तर शेंगदाण्याच्या वाटेला जाऊ नये.

साहित्य

- साधी, बिनवासाची व्होडका, ४२.८ टक्क्यांची: ७५० मिली
- काजू तुकडा: १५० ग्रॅम
- गोड बदाम: ५० ग्रॅम
- वेलदोडे ४, दालचिनीचा बोटाच्या पेराएवढा तुकडा
- साखर २५० ग्रॅम, पाणी २०० मिली
- दीड लिटरची झाकणाची काचेची बरणी

व्होडकाऐवजी रम चालते. तिच्या गुळचट चवीशी काजूचे जमते. फेणी मात्र नको, तिच्या वासापुढे काजूगर कुठल्या कुठे हरवतो.

कृती

पहिला टप्पा भाजण्याचा. काजू आणि बदाम वेगवेगळे, जाड बुडाच्या कढईत, मंद आचेवर आठ-दहा मिनिटे भाजावेत. तेल-तूप घालू नये. कच्च्या काजूला वास जवळजवळ नसतोच. जो खमंगपणा आपल्याला ओळखीचा आहे तो भाजताना साखर आणि प्रथिने यांच्या संयोगाने तयार होतो. म्हणून हा टप्पा घाईने उरकला तर पुढे पंधरा दिवस मुरवूनही चव येत नाही. आणि करपला तर ती कडू चवही तितकीच इमानाने बाटलीत उतरते. फिका बदामी रंग आला की परातीत काढून पूर्ण गार करावे.

दुसरा टप्पा कुटण्याचा. खलबत्त्यात भरड कुटावे, साधारण चिक्कीसाठी दाणे कुटतो तितपत. मिक्सरमध्ये बारीक केले तर तेल सुटते, कूट मद्यात विरघळल्यासारखे होते आणि गाळताना जीव मेटाकुटीला येतो.

तिसरा टप्पा मुरवण्याचा. बरणी उकळत्या पाण्याने धुऊन पूर्ण वाळवावी. त्यात कूट, ठेचलेले वेलदोडे आणि दालचिनी घालून वर सगळी व्होडका ओतावी. कूट मद्यात बुडालेले हवे. झाकण घट्ट लावून बरणी अंधाऱ्या कपाटात, कुलपात ठेवावी. रोज एकदा हलवावी. दालचिनी चौथ्या दिवशी काढून टाकावी, नाहीतर तीच बोलत राहते. सातव्या दिवसापासून थेंबभर चाखून पाहावे. दहा ते चौदा दिवसांत चव पुरेशी उतरते. त्यापुढे ठेवून फायदा नाही, नुसता तुरटपणा वाढतो.

चौथा टप्पा गाळण्याचा. यात चिकाटी लागते. आधी स्टीलच्या गाळणीतून आणि मग दुहेरी मलमलीतून गाळावे. कूट फार पिळू नये, पिळले की तेल उतरते. गाळलेले मद्य बाटलीत भरून रात्रभर फ्रीझरमध्ये ठेवावे. घरच्या फ्रीझरमध्ये व्होडका गोठत नाही, पण मेव्याचे तेल गोठून वर तवंग धरते. सकाळी गार असतानाच कॉफीच्या कागदी गाळणीतून पुन्हा गाळावे. हे हळूहळू थेंबथेंब होते. तेल मागे राहिले तर लिक्युअर महिन्याभरात खवट होते, म्हणून ही पायरी वगळू नये.

पाचवा टप्पा पाकाचा. साखर पाण्यात विरघळवून एक उकळी आणावी. तार नको. पाक पूर्ण गार करावा आणि गॅस बंद असताना, शेगडीपासून लांब, मद्यात मिसळावा. गरम पाकात मद्य ओतले तर अल्कोहोलची वाफ उडते आणि ज्योत जवळ असेल तर ती पेट घेते.

पाक घातल्यावर लिक्युअर थोडे दुधाळ दिसेल. तीव्र मद्यात विरघळलेले सुगंधी तेल पाणी मिळताच बारीक थेंबांनी बाहेर येते, त्याचा हा परिणाम. बिघाड नव्हे. बाटली बंद करून दोन-तीन आठवडे ठेवली की साखर, मसाला आणि मेवा एकमेकांत मिसळतात.

आता हिशेब

सवय जात नाही, म्हणून ताळेबंद मांडतो. ज्याला हा हिशेब आला त्याला कृतीत हवा तो बदल करता येईल.

आपल्याकडच्या बाटलीवर '४२.८ टक्के' आणि बऱ्याचदा '७५ डिग्री प्रूफ' असे छापलेले असते. जुन्या ब्रिटिश मापात १०० प्रूफ म्हणजे ५७.१ टक्के अल्कोहोल. त्याचे ७५ टक्के केले की ४२.८ येतात. म्हणून आकडा असा अर्धवट दिसतो.

जमा: ७५० मिलीत अल्कोहोल ३२१ मिली.
खर्च: २०० ग्रॅम कूट साधारण १०० मिली मद्य शोषून ठेवते. उरले ६५० मिली, त्यात अल्कोहोल सुमारे २७८ मिली.
भर: २५० ग्रॅम साखर विरघळल्यावर सुमारे १५५ मिली जागा घेते, अधिक पाणी २०० मिली, म्हणजे पाक ३५५ मिली.
शिल्लक: एकूण १००५ मिली. तीव्रता २७८ भागिले १००५, म्हणजे सुमारे २७.७ टक्के.

एका ३० मिलीच्या पेल्यात ८.३ मिली अल्कोहोल आणि साडेसात ग्रॅम साखर. त्याच मापाच्या नुसत्या व्होडकात १२.८ मिली अल्कोहोल असते. म्हणजे लिक्युअर सौम्य आहे, पण फार नाही. दोन पेले घेतले की व्होडकाचा एक छोटा पेग ओलांडला जातो, आणि गोडीमुळे ते कळत नाही. घरच्या लिक्युअरचा खरा धोका इथे आहे. 'हे काय, सरबतच आहे' असे म्हणून ज्येष्ठ मंडळी तिसरा पेला पुढे करतात.

मधुमेह असणाऱ्यांनी साखरेचा आकडा पुन्हा वाचावा. साखर आणि अल्कोहोल दोन्ही एकदम पोटात जातात, आणि काही गोळ्यांबरोबर अल्कोहोलने रक्तातली साखर एकाएकी खाली जाते. झोपेच्या गोळ्या किंवा मेट्रोनिडॅझोलसारखे औषध चालू असेल तर घेऊच नये. जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ मध्ये स्पष्ट म्हटले आहे की अल्कोहोलचे पूर्ण सुरक्षित असे कोणतेही प्रमाण नाही. मोटार चालवणाऱ्यासाठी रक्ताच्या १०० मिलीत ३० मिलिग्रॅम ही कायद्याची मर्यादा आहे. गाडी चालवायची असेल तर पेला उचलू नये, हा सोपा नियम.

घरात ठेवताना

बाटली फ्रिजमध्ये ठेवावी आणि तीन महिन्यांत संपवावी. वास खवट आला तर मोह न धरता ओतून द्यावी.

बाटलीवर चिठ्ठी चिकटवावी: नाव, तारीख, 'मद्य, सुमारे २८ टक्के' आणि 'यात काजू-बदाम आहेत'. शेवटची ओळ पाहुण्यांसाठी. ज्यांना सुकामेव्याची ॲलर्जी असते त्यांना एका घोटाने श्वास कोंडू शकतो, आणि गाळलेल्या बाटलीत मेवा डोळ्यांना दिसत नाही.

गाळून उरलेले कूट फेकवत नाही हे खरे. पण त्यात १०० मिली व्होडका बसलेली आहे. ते डब्यात भरून ओट्यावर ठेवले तर नातवंडे काजूचा चुरा समजून खातील. लहान मुलाला एवढे अल्कोहोल घातक ठरू शकते. लाडवात, बर्फीतही घालू नये. मोठ्यांसाठी केक करायचा असेल तर त्याच दिवशी वापरावे, नाहीतर टाकून द्यावे. मुरवणीची बरणीसुद्धा कुलपात ठेवावी असे वर म्हटले ते याच कारणाने.

न घेणाऱ्यांसाठी

हीच चव अल्कोहोलशिवाय हवी असेल तर १०० ग्रॅम भाजलेले काजू-बदाम चार तास पाण्यात भिजवावेत, अर्धा लिटर पाण्याबरोबर वाटून मलमलीतून पिळून घ्यावेत. या दुधात ३०० ग्रॅम साखर घालून मंद आचेवर विरघळवावी, वेलची आणि किंचित जायफळ घालावे. गार करून बाटलीत भरावे. फ्रिजमध्ये पाच-सहा दिवस टिकते. थंड दुधात किंवा पाण्यात दोन चमचे घालून द्यावे. मंडळाच्या कोजागिरीला किंवा हळदीकुंकवाला हेच योग्य. मंडळाच्या कार्यक्रमात दुसरी बाटली आणू नये, हे सांगायला नको.

ज्यांना लिक्युअर करायचे आहे त्यांनी दिवाळीच्या आधी निदान पाच आठवडे सुरुवात करावी: दोन आठवडे मुरवायला, दोन-तीन दिवस गाळायला आणि उरलेले स्थिरावायला. दुकानाचे बिल जपून ठेवावे, बाटली घरातच ठेवावी आणि पाहुण्यांना जेवणानंतर ३० मिलीचा एकच पेला द्यावा.

सर्व सभासदांना आणि कुटुंबीयांना दिवाळीच्या आगाऊ शुभेच्छा.